काड्यांची वही: बेळगावच्या एका स्केटरचं आणि पुढं तिच्यातल्या कोचचं प्रकरण

हे प्रकरण कुणाचं

बेळगावातल्या एका मराठी माध्यमाच्या हायस्कूलमध्ये मी अठ्ठावीस वर्षं पीटीचा मास्तर होतो. या प्रकरणातली मुलगी माझी विद्यार्थिनी. आज ती कोच आहे आणि रिंकवरची पोरं तिला ताई म्हणतात, म्हणून मीही इथं ताईच म्हणतो. तिच्या ज्या शिष्येभोवती पुढचा सगळा गुंता झाला तिला धाकटी म्हणू. नावं गाळली आहेत, घरच्या एक-दोन गोष्टी ओळख पटू नये म्हणून बदलल्या आहेत.

ताईनं हा मजकूर वाचला. दोन ठिकाणी "सर, असं नव्हतं ओ" म्हणून दुरुस्त करून घेतला. एका ठिकाणी मात्र मी तिचं ऐकलं नाही. ते कुठलं, ते पुढं येईलच.

पार्श्वभूमी

बेळगावात स्केटिंग म्हटलं की लोकांना आठवतात त्या विक्रमासाठी रात्रंदिवस चालणाऱ्या रिले, नाहीतर गाड्यांच्या खालून अंग जमिनीलगत वाकवून जाणारं लिंबो स्केटिंग. चाकांची हवा या शहरात आहे, पण ती वेगाची. आर्टिस्टिक स्केटिंग, म्हणजे बर्फावरच्या फिगर स्केटिंगचं चाकांवरचं भावंड, इथं फार थोड्यांनी केलं. उड्या त्याच, नावंही बहुतेक तीच: साल्काव, टो लूप, लूप, फ्लिप, लुट्झ, अ‍ॅक्सेल. पायाखाली पात्याऐवजी चार चाकं आणि पुढं रबराचा टो स्टॉप.

ताई 2008 साली, आठव्या वर्षी, रिंकवर आली ती स्पीडसाठीच. वडील उद्यमबागेतल्या एका कारखान्यात टर्नर, आई वडगावात घरी बसून साड्यांचे गोंडे करायची. स्पीडमध्ये ताई मधल्या घोळक्यात असायची. वळणावर मात्र ती एका पायावर राहायची आणि ते कोचना दिसलं. 2010 च्या नोव्हेंबरात ग्वांगझूच्या आशियाई स्पर्धेत हैदराबादच्या अनुपकुमार यामानं पुरुष एकेरीत आणि अवनी पांचाळबरोबर जोडीत अशी दोन कांस्यपदकं आणली. कोचनी ती बातमी कापून ताईच्या वडलांच्या हातात दिली. "पोरगीला इकडं वळवू या," म्हणाले. कोच स्वतः स्पीडचे. माणूस सज्जन आणि कष्टाळू. आर्टिस्टिकचं त्यांना ताईइतकंच ठाऊक होतं, म्हणजे जवळजवळ काहीच नाही. दोघं मिळून व्हिडिओ बघून शिकले. मे महिन्यात बेंगळूरला दहा दिवसांचं शिबिर, एवढीच काय ती खरी शिकवणी.

वडलांविषयी थोडं सांगायलाच हवं. पुण्याच्या एका मुलीचे वापरलेले, परदेशी प्लेटचे (प्लेट म्हणजे बुटाखालचा, चाकं बसवायचा सांगाडा) बूट घेतले तेव्हा कळलं की त्या प्लेटचा आस 7 मिलिमीटरचा आहे. इथल्या दुकानात मिळतं ते 608 नंबरचं बेअरिंग, आत 8, बाहेर 22. बसेना. वडलांनी सुट्टीच्या दिवशी लेथवर अर्ध्या मिलिमीटर जाडीच्या पितळी स्लीव्ह काढल्या, आठ चाकांच्या सोळा बेअरिंगना सोळा, आणि वर दोन जास्तीच्या. ताईनं पुढं पाच वर्षं त्यांवरच स्पर्धा केल्या.

दुसरी अडचण पावसाची. रिंक उघडी, सिमेंटची. जूनपासून सप्टेंबरपर्यंत बेळगावचा पाऊस तिथं उभं राहू देत नाही आणि राज्य स्पर्धा नेमक्या त्यानंतर येतात. तोडगा काढला तो ताईच्या आईनं. आषाढी एकादशी झाली की लग्नाचे मुहूर्त संपतात आणि मंगल कार्यालयं तुळशीच्या लग्नापर्यंत ओस पडतात. रिंक बंद होते त्याच सुमाराला हॉल रिकामा होतो. गल्लीतल्या कार्यालयाच्या मालकानं पहाटे पाच ते सात हॉल दिला. अट एकच, फरशीवर टो स्टॉपचे काळे ओरखडे दिसता कामा नयेत. त्यामुळं सात वाजता ताई, तिची आई आणि कोच असे तिघं गुडघ्यावर बसून थिनरच्या बोळ्यानं फरशी पुसताना मी स्वतः पाहिलेत.

बाराव्या वर्षी राज्यात पाचवी, तेराव्या वर्षी तिसरी, चौदाव्या वर्षी पहिली. राष्ट्रीय स्पर्धेला दोनदा गेली. पहिल्यांदा शेवटून तिसरी, दुसऱ्यांदा मधोमध. वरच्या मुलींकडं अ‍ॅक्सेल पक्का होता आणि दुहेरी, म्हणजे हवेत दोन फेऱ्यांच्या, उड्या येत होत्या. ताईचा अ‍ॅक्सेल दहातून चार वेळा व्हायचा.

2015–16: कमरेतली कळ

अ‍ॅक्सेल ही एकच उडी पुढं तोंड करून मारतात आणि उतरताना पाठ पुढं असते, म्हणून हवेत दीड फेरी लागते. उतरायचं एका पायावर. उड्यांवरून उतरताना पायावर शरीराच्या वजनाच्या कितीतरी पट भार येतो. पाच पट धरला तरी 40 किलोच्या मुलीच्या एका पायावर 200 किलो. त्यात पायातला एकेक बूट दीड किलोच्या आत-बाहेर, आणि तो तोल सावरताना कंबर मागं कमानीसारखी वाकते.

2015 चा पावसाळा हॉलमध्ये गेला. राष्ट्रीय स्पर्धेसाठी अ‍ॅक्सेल पक्का करायचा म्हणून एकेका सकाळी सत्तर-ऐंशी प्रयत्न. हा आकडा ताईनं नंतर आठवून काढलेला आहे, त्या वेळी मोजत कुणीच नव्हतं. त्याच वर्षी तिची उंची झपाट्यानं वाढली. वाढीच्या त्या काळात हाडं आधी लांब होतात, स्नायू मागून येतात. मांडीचे मागचे स्नायू ओढलेले राहतात आणि सगळा ताण कमरेवर येतो. शिवाय "हलकं राहिलं तर फेरी पूर्ण होते" असं कुठंतरी ऐकून तिनं रात्रीचा भात सोडला. चार महिने पाळी आली नाही. आईला वाटलं, व्यायामानं होतं तसं. खाणं आणि कष्ट यांचा मेळ तुटला की पाळी थांबते आणि हाडं कमजोर व्हायला लागतात, हे आमच्यापैकी कुणाला माहीत नव्हतं. आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीनं या प्रकाराला 2014 मध्ये नावसुद्धा दिलं होतं. ते वडगावात पोचलेलं नव्हतं.

ऑगस्टपासून कमरेत कळ. मालीश झालं, शेक झाला. नोव्हेंबरात एक्स-रे काढला, तो स्वच्छ. डिसेंबरात एका सकाळी ताई माझ्याकडं आली. "सर, मागं वाकलं की कळ येतो. उजव्या पायावर उभारून वाकलं की जास्त." मी म्हटलं, वाढीचं वय आहे, बाम लाव, आणि स्पर्धेच्या फॉर्मवर सही केली.

हेच ते ठिकाण. ताईचं म्हणणं, "सर, तुम्ही थांबवलं असतं तरी मी गेलोच असतो." (आमच्याकडं मुलीही गेलो, आलो म्हणतात; पुण्याकडच्या वाचकांनी दचकू नये.) असेलही. पण एका पायावर उभं राहून मागं वाकल्यावर कळ येणं ही नेमकी ती खूण आहे, जिच्यावर कुठल्याही पीटी मास्तरानं त्या मुलीच्या उड्या बंद करून तिला हाडांच्या डॉक्टरकडं पाठवावं. ती खूण तिनं माझ्यासमोर जशीच्या तशी बोलून दाखवली होती. म्हणून हा परिच्छेद तिनं काढायला सांगूनही मी ठेवला आहे.

राष्ट्रीय स्पर्धा झाली. अ‍ॅक्सेल दोन्ही वेळा पडला. मार्चमध्ये एसएसएलसी, म्हणजे दहावी. परीक्षेनंतर, मे महिन्यात, एमआरआय निघाला. कमरेच्या शेवटच्या, पाचव्या मणक्याच्या मागच्या अरुंद हाडाला ताणानं पडलेली चीर. साध्या एक्स-रेत अशी चीर बऱ्याचदा दिसत नाही. तीन महिने पट्टा, मग पोटाचे-पाठीचे व्यायाम. 2017 मध्ये ती पुन्हा चाकांवर उभी राहिली, पण अ‍ॅक्सेलच्या टेक-ऑफला पाय उचलेना. जानेवारीतच तिनं बूट माळ्यावर टाकले आणि पीयूसीच्या, म्हणजे अकरावी-बारावीच्या, कॉमर्सच्या अभ्यासाला लागली. वय सतरा.

कोच म्हणून सुरुवात

बी. कॉम. झालं, उद्यमबागेतच एका फाउंड्रीच्या ऑफिसात हिशेबाचं काम मिळालं. लॉकडाऊन उठल्यावर 2021 मध्ये गल्लीतली तीन-चार पोरं मोबाइलला चिकटलेली बघून ती त्यांना रिंकवर घेऊन गेली. सहा महिन्यांत चौदा झाली. मराठी, कन्नड, कोंकणी, उर्दू, सगळ्या घरांतली. उडीचा ताल ती कन्नडात मोजते: ओंदु, एरडु, मूरू. ते "एक दोन तीन"पेक्षा तोंडात गोल बसतं म्हणते आणि मराठी पोरंही तसंच मोजतात. राज्य संघटनेची पत्रकं कन्नडात येतात, ती ताई रात्री बसून मराठीत सांगते. याचं आमच्याकडं कुणाला काही वाटत नाही. बाहेरच्यांनाच जास्त वाटतं.

मधल्या काळात खेळ बदलला होता. ताई खेळायची तेव्हा परीक्षक दोन गुण द्यायचे, एक तंत्राचा, एक सादरीकरणाचा. आता प्रत्येक उडीला, प्रत्येक स्पिनला ठरलेली किंमत. फेरी अर्धीमुर्धी राहिली की तांत्रिक पंच ती पुन्हा बघून खुणा करतात आणि किंमत कापतात. कशीबशी फिरवून आणलेली उडी आता पूर्वीसारखी खपत नाही. हे ताईनं स्वतः बसून शिकून घेतलं.

एक गोष्ट मात्र तिनं कुणाला सांगितली नाही. कंबर का गेली ते. पालकांना एवढंच माहीत की ताई राज्यात पहिली होती आणि पीयूसीमुळं खेळ सुटला. मी एकदा विचारलं तर म्हणाली, "मोडलेल्या कोचकडं पोर कोण घालतंय सर?"

अडचण

धाकटी दहाव्या वर्षी आली. खडेबाजारात वडलांचं कापडाचं दुकान. पोरगी हाडाची धीट. वर्षभरात एका फेरीच्या पाचही उड्या आल्या. 2022 च्या पावसाळ्यात, अकरा वर्षांची असताना, ती म्हणाली, ताई, आता अ‍ॅक्सेल.

ताईचा नियम ठरलेला होता. मुलीला पाळी सुरू होऊन वर्ष झाल्याशिवाय अ‍ॅक्सेल नाही. मुलींची उंची साधारण अकराव्या-बाराव्या वर्षी सर्वात वेगानं वाढते आणि पाळी सुरू झाल्यावर तो वेग उतरायला लागतो. तेवढा काळ कंबर सांभाळायची, हा तिचा हिशेब. पण पाळीचा विषय दुकानदार बापासमोर काढायचा कसा? म्हणून तिनं फक्त "वय होऊ दे" एवढंच सांगितलं.

वडलांना ते पटेना. राज्यात धाकटीच्या वयाच्या दोघी अ‍ॅक्सेल मारत होत्या. त्यांनी दुकानाच्या ओट्यावर बसवून ताईला चहा पाजला आणि म्हणाले, "तुम्ही भिताय ओ ताई. पोरगी भीत नाही."

समोर असलेले पर्याय

पहिला, धाकटीला शनिवार-रविवारी पुण्याच्या कोचकडं पाठवायचं. अंतर साडेतीनशे किलोमीटरच्या आसपास, शुक्रवारी रात्री बस, सोमवारी पहाटे परत, शाळेत डुलक्या. वडलांची तयारी होती. ताईची आतून नव्हती, आणि त्यात थोडा मान-अपमानाचाही भाग होता हे ती कबूल करते.

दुसरा वडलांनीच काढला. चंदगडला धाकटीची आत्या राहते. चंदगड म्हणजे कोल्हापूर जिल्हा, म्हणजे महाराष्ट्र. आत्याच्या पत्त्यावर नोंदणी करून तिकडून खेळवायचं. सीमेवरच्या घरांना असली युक्ती सहज सुचते, कारण अर्धे नातेवाईक पलीकडंच असतात. ताईनं हे पाच मिनिटांत मोडून काढलं. पोरगी राहते बेळगावात, शिकते बेळगावात, उद्या कुणी तक्रार केली तर नाव पोरीचं खराब होणार. इथं तिला फारसा विचार करावाच लागला नाही.

तिसरा, उड्या सोडून सोलो डान्स. त्यात मोठ्या उड्या नसतात. पावलं, एज (चाकांच्या एका कडेवर झुकून जाणं), ताल यांचं काम. धाकटीला विचारलं तर तिनं तोंड असं केलं की तो पर्याय तिथंच संपला.

चौथा, नियमाला चिकटून राहायचं आणि मधल्या काळात फिगर्स करून घ्यायच्या. फिगर्स म्हणजे जमिनीवर आखलेल्या वर्तुळांवरून एकाच एजवर, रेघ न सोडता जाणं. बर्फावरच्या स्पर्धांतून हा भाग 1990 नंतर काढून टाकला, चाकांवर तो अजून आहे. वर्तुळ 6 मीटर व्यासाचं. हॉलच्या फरशीवर ते आखायला तीन मीटरची सुतळी, एका टोकाला खडू, दुसऱ्या टोकावर उभं राहायला सगळ्यात जड पोरगं.

पाचवा, अ‍ॅक्सेल आत्ताच शिकवायचा, पण मोजून. हा पर्याय ताईच्या डोक्यात आला होता. तिनं तो वहीत लिहिला आणि खोडला. खोडल्याची रेघ मी पाहिली आहे. तिच्या अनुभवात मोजून मारलेला अ‍ॅक्सेल असा काही प्रकारच नव्हता. एकतर सकाळी ऐंशी, नाहीतर काहीच नाही.

पहिला निर्णय आणि त्याचं झालं काय

तिनं चौथा पर्याय धरला. त्याच वर्षी जूनमध्ये आंतरराष्ट्रीय आइस स्केटिंग संघटनेनं सीनियर गटाचं किमान वय टप्प्याटप्प्यानं 15 वरून 17 वर न्यायचं ठरवलं होतं. ताईनं त्या बातमीची प्रिंट काढून धाकटीच्या वडलांना दाखवली. त्यांनी चष्मा लावून नीट वाचली आणि विचारलं, "सतराव्या वर्षी मोठं खेळायचं तर बाराव्या वर्षी निदान दीड फेरी तरी यायला नको?" प्रश्न चुकीचा नव्हता. ताईपाशी उत्तर होतं, पण ते तिच्या स्वतःच्या मणक्यात होतं आणि ते तिला काढायचं नव्हतं.

सप्टेंबरात अमेरिकेच्या इलिया मालिनिननं स्पर्धेत पहिल्यांदाच चार फेऱ्यांचा अ‍ॅक्सेल उतरवला, म्हणजे हवेत साडेचार फेऱ्या. तो व्हिडिओ रिंकवरच्या प्रत्येक पोराच्या घरच्या फोनवर. धाकटीनं तो किती वेळा पाहिला असेल देव जाणे.

दिवाळीच्या सुट्टीत, घरच्यांना वाटलं पोरगी गच्चीवर किल्ला करतेय. ती आणि मैत्रीण गच्चीवर होत्या खऱ्या, पण बूट घालून. मैत्रीण फोनवर चित्रण करत होती. बर्फावर टेक-ऑफला पातं थोडं घसरत वळतं. चाकं तशी घसरत नाहीत, आणि गच्चीचा खरखरीत कोबा तर मुळीच सोडत नाही. चाक अडकलं, अंग फिरलं, पाय मागं राहिला. डाव्या मनगटाजवळचं हाड मोडलं. पाच आठवडे प्लास्टर.

हे वाचून कुणी म्हणेल, मुलीनं ऐकलं नाही, यात कोचचा काय दोष? मलाही आधी तसंच वाटलं. पण दवाखान्याच्या बाकावर धाकटी ताईला जे म्हणाली ते ताईनं त्याच रात्री वहीत उतरवून ठेवलं आहे: "तुम्ही का नको म्हणता ते सांगितलंच नाही. मला वाटलं, मला येणार नाही असं तुम्हाला वाटतंय."

दुसरा निर्णय

प्लास्टर निघायच्या आधी ताईनं पालकांची बैठक घेतली, कार्यालयाच्या जेवणाच्या हॉलमध्ये. मीही गेलो. तिनं 2016 ची एमआरआयची फिल्म ट्यूबलाइटपुढं धरली, चीर बोटानं दाखवली, आणि सगळं सांगितलं. ऐंशी उड्या, रात्रीचा बंद केलेला भात, थांबलेली पाळी. पाळी हा शब्द उच्चारताना तिची मान जरा खाली गेली, पण उच्चारला. दोन बाप उठून बाहेर गेले आणि थोड्या वेळानं परत आत येऊन मागं उभे राहिले. धाकटीच्या आईनं विचारलं, "मग आता तुझी कंबर?" ताई म्हणाली, "पाऊस पडायच्या आधी मला कळतंय."

त्या महिन्यात दोन घरांनी पोरं काढून घेतली. एकानं कारण सांगितलं, दुसऱ्यानं नाही. ताईची भीती अगदीच खोटी नव्हती म्हणायची.

मग वही आली. दोनशे पानी साधी वही, प्रत्येक पोराची चार पानं. जमिनीवरून केलेल्या उडीला काही नाही. चाकांवरच्या उडीला एक काडी, पडली तरी काडी, अर्धी सोडली तरी काडी. चार उभ्या, पाचवी आडवी. काड्या कोच मारत नाही. त्या वेळी बसलेलं दुसरं पोर मारतं, आणि हिशेब चुकवला तर दोघांची त्या दिवशीची उडी बंद. अ‍ॅक्सेलला एका सकाळी जास्तीत जास्त दहा काड्या, सगळ्या उड्या मिळून तीस, आणि आज उड्या मारल्या की उद्या नाहीत.

दर महिन्याच्या पहिल्या रविवारी हॉलच्या मागच्या भिंतीवर उंचीची खूण. महिन्यात सात-आठ मिलिमीटरच्या वर वाढ दिसली की काड्या निम्म्या. त्याच दिवशी एका पायावर उभं राहून मागं वाकायचं, दोन्ही बाजूंना. कळ आली तर उड्या बंद आणि डॉक्टर. तपासणी मी करतो. एवढं तरी माझ्या वाट्याला आलं.

मुलींच्या पाळीची नोंद घरी आईकडं. दोन महिने चुकली तर आईनं ताईला नुसतं "भेटायचं होतं" म्हणायचं, बास. आहाराचं काही मोठं केलं नाही. रिंकवर सात वाजता प्रत्येकानं डबा उघडायचा, रिकामा डबा आणायचा नाही. उसळ-भाकरी, अंडं, शेंगदाण्याचा लाडू, काहीही चालेल.

तीस आणि दहा हे आकडे कुठल्या शास्त्रातून आलेले नाहीत. ताईच्या ऐंशीवरून आणि एका फिजिओथेरपिस्टशी झालेल्या बोलण्यावरून अंदाजानं ठरवलेत. मी तिला म्हटलं, हे लोकांना सांगताना अंदाज म्हणूनच सांग. ती तसंच सांगते.

परिणाम

2023 च्या जानेवारीत धाकटी परत आली. पहिले तीन महिने अ‍ॅक्सेल फक्त जमिनीवर, बुटांशिवाय. चाकांवरची पहिली काडी एप्रिलात पडली. त्या वर्षी ती सात सेंटिमीटर वाढली आणि मधले दोन महिने काड्या निम्म्यावर आल्या. त्या दिवसांत तिचा चेहरा बघवत नसे. फरशीवरच्या वर्तुळांवर ती राग काढायची. वर्षअखेरीस राज्य स्पर्धेत फ्री स्केटिंगला, म्हणजे उड्या-स्पिनच्या प्रकारात, पाचवी आली, अ‍ॅक्सेलविना. फिगर्सला दुसरी. वडील पदक हातात घेऊन म्हणाले, "नुसतं गोल फिरून मेडल मिळतंय होय?"

अ‍ॅक्सेल पूर्ण फेरीनं उतरला तो 2024 च्या श्रावणात, हॉलमध्ये, त्या सकाळच्या सातव्या काडीला. काड्या मारणारं पोरगं इतकं ओरडलं की कार्यालयाचा राखणदार धावत आला. नव्या गुणपद्धतीत तो स्पर्धेत खपला, खूण लागली नाही. दुहेरी उडी अजून आलेली नाही. तिच्या वयाच्या पुण्या-हैदराबादच्या मुली पुढं आहेत आणि बहुधा पुढंच राहतील. कंबर ठीक आहे.

2025 मध्ये धाकटी नववीत गेली. पुढं एसएसएलसी आहे. वडलांचं मत बदललं आहे, पण भलत्याच दिशेला. आता ते म्हणतात, झालं की, आता अभ्यास. ताईला पुढचं भांडण तिथं दिसतं.

कुठं वेगळं करता आलं असतं

माझ्याकडून सुरुवात करतो. डिसेंबर 2015 मध्ये सही न करणं माझ्या हातात होतं. स्पर्धा चुकली असती, ताई माझ्याशी वर्षभर बोलली नसती. एमआरआय पाच महिने आधी निघाला असता आणि कदाचित 2017 मध्ये पाय उचलला असता. कदाचितच.

कोचनी, म्हणजे ताईच्या जुन्या कोचनी, आपल्याला हे येत नाही असं म्हणून तिला दुसऱ्याकडं सोपवायला हवं होतं का? यावर माझं आणि ताईचं एकमत होत नाही. मी होय म्हणतो. ती विचारते, कुणाकडं? 2012 साली हुबळी-कोल्हापूरच्या टापूत तिच्या माहितीत दुसरं कुणी नव्हतं. ते नसते तर ती स्पीडच्या घोळक्यातच राहिली असती. हा मुद्दा मला खोडता आलेला नाही.

ताईचा पहिला नियम वाईट नव्हता. आजही एखाद्या मुलीची वाढ फारच वेगात असली तर ती अ‍ॅक्सेल पुढं ढकलतेच. पण ती नियम सांगायची आणि कारण झाकायची. अकरा वर्षांच्या मुलीला मणका, वाढ, पाळी हे सगळं समजतं. आम्हालाच ते बोलता येत नव्हतं. बापाला सांगायला जीभ रेटत नव्हती तर आईला बोलावता आलं असतं. पावसाळ्यातल्या त्या चहाच्या वेळी फिल्म दाखवली असती तर दोन घरं तेव्हाच गेली असती, पण गच्ची टळली असती असं ताईला वाटतं. मला तेवढी खात्री नाही, कारण मालिनिनचा व्हिडिओ तरीही आलाच असता.

आणि पुण्याचा पर्याय. तो आम्ही फार लवकर सोडला. दर आठवड्याला जाणं अशक्य होतं, पण तीन महिन्यांतून एकदा दुसऱ्या कोचच्या नजरेखालून पोरगी जाऊ द्यायला काय हरकत होती? ताईला कुणी कोच केलेलं नाही, तिच्यावर कुणी बघणारं नाही. तिची चूक दाखवायला एक मोडलेलं मनगट लागलं. यंदापासून ती तिघा पोरांना घेऊन वर्षातून दोनदा पुण्याला जाते. पहिल्या खेपेला तिथल्या कोचनी धाकटीचा टेक-ऑफ बघून ताईच्या मांडणीतली एक चूक दाखवली. खांदा लवकर उघडतो. ती चूक ताईची स्वतःची होती, 2015 पासूनची. परतीच्या बसमध्ये निपाणी येईपर्यंत ती कुणाशी बोलली नाही.

सध्याची अडचण वेगळीच आहे. कार्यालयाच्या मालकानं लग्नसराईच्या आधी जुनी फरशी काढून चकचकीत व्हिट्रिफाइड टाइल बसवली. जुनी चाकं तिच्यावर साबणासारखी सुटतात, मऊ चाकं घ्यावी लागणार. आषाढीला तीन आठवडे आहेत. ताईचे वडील रविवारी व्हर्निअर घेऊन येऊन गेले आणि चौदा जोड्यांच्या आसांची मापं वहीच्या शेवटच्या पानावर उतरवून घेऊन गेलेत.